वाळूचे घड्याळ

परवा नातीने मला हॅरी पॉटरची गोष्ट सांगितली. १९९९ साली निघालेल्या तिसऱ्या भागात हर्मायनीच्या गळ्यातल्या साखळीला एक चिमुकले वाळूचे घड्याळ असते. एकदा उलटे फिरवले की तासभर मागे जाता येते. आणि ही पोर ते वापरते कशासाठी, तर एकाच वेळी भरणाऱ्या दोन-दोन वर्गांना हजर राहण्यासाठी!

"आबा, तुम्हांला मिळालं तर?"

माझे उत्तर तयार होते. आई गेली त्या संध्याकाळी मी कचेरीत सव्वा रुपयाचा फरक शोधीत बसलो होतो. इकडे तिने तीनदा विचारले म्हणे, "आला का गं तो?"

"चाळीस वर्षं झाली," मी म्हणालो.

नातीने कागदावर हिशेब मांडला. "साडेतीन लाख फेरे! आणि आबा, नियम आहे हं. तिकडे कोणाला दिसायचं नाही."

म्हणजे दाराआड उभे राहून तो प्रश्न नुसता ऐकायचा. तो तर मी घड्याळावाचूनच ऐकतो.

हर्मायनीने वर्षअखेर घड्याळ परत करून टाकले. शहाणी मुलगी!