व्यंकोजीराजे पळाले का?

ओरत्तनाडु

धाकट्या,

व्यंकोजीराजे थोरल्या भावाला भिऊन रात्री पळाले हे खरं का, असं विचारलंस. तंजावरच्या मराठ्याला हा प्रश्न झोंबतोच. त्यातून दादाशी तुझा अबोला, म्हणून लगेच लिहायला बसले.

गेले, हे खरं. 1677 साली शिवाजीमहाराज जिंजी घेऊन कोल्लिडम नदीच्या काठापर्यंत उतरले आणि वडिलांच्या दौलतीत अर्धा वाटा मागितला. दोघांच्या आया वेगळ्या. धाकट्याने थोरल्याला असं कितीसं पाहिलं असणार! बोलणी फिसकटली. भेटीला आलेले व्यंकोजीराजे एका रात्री नदी उतरून तंजावरला परतले. आमचे आजोबा ही रात्र रंगवून सांगत: नदी फुगलेली, तराफा हेलकावतोय आणि राजांनी पायातले जोडे काढून हातात धरलेत. जोडे आजोबांच्या पदरचे, पण मला अजून तेच दिसतात. मग लढाई झाली, तह झाला. व्यंकोजी उदास होऊन बसले, तेव्हा थोरल्यानेच पत्र धाडलं, की आता पराक्रम करा, वैराग्य म्हातारपणी. त्या पत्राची सगळे वाहवा करतात. धाकट्याला ते वाचून काय वाटलं, हे कोणी विचारत नाही. त्याच धाकट्याच्या घराण्याकडे इथली गादी 1855 पर्यंत राहिली.

त्या घराण्यातल्या शरफोजीराजांची जिवलग मुक्तांबा, पण लग्नाची राणी नव्हे. तिच्या नावाने त्यांनी आपल्या ओरत्तनाडुत वाटसरूंसाठी छत्र बांधलं, गावालाही मुक्तांबापुरम नाव मिळालं. वाड्यात नाकं मुरडली असतीलच. तंजावरच्या छत्रांचा रिवाज त्यांनी 1801 साली इंग्रजांच्या कंपनीला लिहून कळवला: मध्यरात्री घंटा वाजवायची, कोणी जेवायचं राहिलं असेल तर हाक मारून बोलवायचं. तू मात्र तिकडे मध्यरात्री कसल्याशा पाकिटातलं गिळतोस. रसम करायला काय वेळ लागतो रे?

तुझ्या निरोपात हल्ली मराठीही नसते, तमिळही नसते. ते मला तुझ्या लग्नापेक्षा जास्त लागतं. मुलगी कोणती, ते तुझं तू बघ. दादाला जमीन बघायला माणूस हवाय, म्हणून तो ओरडतो. तुला यायचं नसेल तर येऊ नकोस, पण त्याचा फोन आला की बंद करू नकोस. नाही म्हणायचं ते त्याला स्वतःच्या तोंडाने सांग, आणि मराठीत सांग.

तुझी आत्या