आवाज येते, चित्र नाही

“आवाज येते जी, चित्रच नाही येत. पॅनल गेलं म्हणतेत.” दर्यापूर-मूर्तिजापूरकडून चादरीत गुंडाळून आणलेला टीव्ही अमरावतीत किंवा अकोल्यात दुकानाच्या टेबलावर ठेवताना माणूस हे बोलतो, तेव्हा त्यानं निम्मी आशा सोडलेलीच असते. टीव्हीत सर्वांत महाग पॅनलच.

मला राग येतो तो न मोजता दिलेल्या या निकालाचा. मेन बोर्ड आणि काच यांच्यामध्ये एक अरुंद हिरवी पट्टी असते, टी-कॉन. कालव्यावरच्या पाटकऱ्यासारखं तिचं काम: कुठल्या ओळीची पाळी केव्हा, कुठल्या ठिपक्याला व्होल्टेज किती. फुल एचडी पडद्यावर अशा 1080 ओळी, आणि साधारणपणे सेकंदाला 60 फेऱ्या! त्यातही द्रवस्फटिकांना एकाच दिशेचा दाब सोसत नाही, म्हणून तो सतत उलटसुलट करावा लागतो. त्याची मधली रेषा म्हणजे व्हीकॉम. ती सरकली की चित्र फिकं पडतं, थरथरतं.

चांगला मेकॅनिक आधी पडदा नीट पाहतो. बॅकलाइट लागलाय, आवाज आहे, चित्र नाही, म्हणजे टी-कॉनवर संशय घ्यायला जागा आहे. मग मल्टिमीटर. बहुतेक मोठ्या संचांत पट्टीवर 12 व्होल्ट येतात. ते फ्यूजच्या एका टोकाला आहेत आणि दुसऱ्याला नाहीत, तर फ्यूज उडालाय. पण नुसता फ्यूज बदलून टीव्ही परत देणं मला पटत नाही. तो उडाला का? पुढे एखादा कपॅसिटर शॉर्ट असतो. वैशाखात पंचेचाळिशी ओलांडणारा पारा आणि वरखाली होणारी लाइन, दोन्हींचा मार अशा भागांना बसतो.

फ्यूज शाबूत असेल तर व्हीजीएच, म्हणजे ओळी उघडणारा दाब, बघायचा. तो बऱ्याच पॅनलवर 25 ते 30 व्होल्टच्या आसपास हवा. बसलेला दिसला, की टीव्ही बंद करून काचेकडे जाणाऱ्या दोन रिबनपैकी एक काढायची, पुन्हा चालू करून मोजायचं. व्होल्टेज उठलं आणि अर्ध्या पडद्यावर बातम्या दिसू लागल्या, तर दोष काढलेल्या रिबनच्या बाजूला, काचेत किंवा तिच्या कडेच्या पट्ट्यांत. दोन्ही रिबन काढूनही बसलेलंच राहिलं, तर दोष टी-कॉनवर, आणि मग गिऱ्हाइकाला सांगता येतं, “पॅनल नाही गेलं, भाऊ. बोर्डाचं काम आहे. संध्याकाळी या.”