पौषातलं सुरणाचं भरीत

पौष पौर्णिमेला मुरबाड तालुक्यातल्या म्हसा गावी म्हसोबाची, म्हणजे खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. मोठा बैलबाजार असतो, घोंगड्यांची दुकानं लागतात आणि आसपासच्या गावांतली घरं पाहुण्यांनी भरून जातात. शाकंभरी नवरात्रही याच पौर्णिमेला संपतं. भाजीपाल्याच्या देवीचे हे दिवस, आणि याच दिवसांत आमच्या परसातला सुरण काढायला आलेला असतो. पावसाळाभर डोलणारं त्याचं पान पिवळं पडून आडवं झालं, की कंद तयार झाला म्हणून समजायचं. ठाकरवाडीतल्या बायकाही करांदे, कणगर, सुरण पाट्यांत घालून विकायला आणतात.

या सुरणाचं भरीत मी सासूबाईंकडून शिकले. सासऱ्यांचे दात गेले होते. भाकरी दुधात कुस्करून ते खात, पण ताटात भाजी नसली की त्यांचं जेवण होत नसे. यात्रेच्या दिवसांत घरात कुणाचा उपास, कुणाचं तान्हं नुकतं जेवायला लागलेलं, कुणी रात्रभर गाडीतून शिणून आलेलं. या सगळ्यांना चालेल असं एकच काहीतरी करायचं, तर सासूबाई सुरण काढायच्या.

गावठी सुरण खाजरा. त्यात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे बारीक स्फटिक असतात, तेच हाताला आणि घशाला टोचतात. म्हणून हातांना आणि विळीला तेल लावायचं. माती कोरडीच झटकायची, जाड साल काढायची आणि मगच फोडी धुवायच्या, कारण ओला सुरण चिरताना हात जास्त खाजतात. अर्धा किलो फोडी लिंबाएवढ्या चिंचेचा कोळ आणि मीठ घातलेल्या पाण्यात उकळत ठेवायच्या. चिंच नसेल तर आमसुलं घ्यायची. आंबटानं खाज मरते. फोड दोन बोटांत सहज चुरडली की पाणी ओतून टाकायचं. इथे घाई चालत नाही, कच्चा राहिलेला सुरण घसा धरतोच.

फोडी गरम असतानाच वाटीच्या बुडाने किंवा रवीने ठेचायच्या. मिक्सर नको, त्यात सुरणाचा चिकट गोळा होतो. भरीत थोडं भरड राहिलं तरच त्याची चव कळते. ते कोमट झालं की वाटीभर गोडसर दही, मीठ, चिमूटभर साखर आणि दाण्याचं कूट घालायचं. भरीत कढत असताना दही घातलं तर ते फुटतं. उपासाला तुपात जिरं आणि हिरवी मिरची तडतडवून ती फोडणी वर ओतायची. एरवी तेलात मोहरी, हिंग, कढीपत्ता. सासऱ्यांच्या वाटणीचं भरीत सासूबाई मिरची घालण्याआधीच काढून ठेवत आणि त्यावर नुसतं जिऱ्याचं तूप घालत. तान्ह्या मुलांनाही त्यातलंच मिळे.

सासरे ते भरीत तांदळाच्या मऊ भाकरीबरोबर खात. म्हाताऱ्या किंवा आजारी माणसाला वेगळं वाढलं की आपण घराला जड झालो असं त्याला वाटू लागतं. सासऱ्यांना तसं कधी वाटलं नाही, कारण पंगतीतल्या पाहुण्यांच्या ताटात आणि त्यांच्या ताटात एकच पदार्थ होता. या भरताचं मोल मी तेव्हा ओळखलं. दुबळ्या माणसासाठी निराळं शिजवण्यापेक्षा सगळ्या घरानं त्याला झेपेल असं खाणं, ही मोठी माया आहे.

आता बाजारात गजेंद्र जातीचा, कमी खाजणारा सुरण मिळतो. तो लवकर शिजतो, हातांनाही त्रास देत नाही. रोजच्या घाईत मी तोही आणते. पण मुरबाड-शहापूरकडे ज्यांच्या घरामागे चार हात जागा आहे, त्यांनी गावठी सुरण लावावा, असं मी आवर्जून सांगते. कंद चिरताना कोंबाचा तुकडा बाजूला ठेवायचा, शेणकाल्यात बुडवून सावलीत सुकवायचा आणि पावसाआधी शेणखत घातलेल्या खड्ड्यात पुरायचा. पाणी साचू द्यायचं नाही, एवढीच काळजी. गड्डा लहान निघाला तर पुन्हा पुरावा, वर्षागणिक तो मोठा होत जातो. घरात म्हातारं माणूस किंवा लहान मूल असेल, तर हे कष्ट वाया जात नाहीत.