पत्रिका जुळत नाही

आश्वलायनाच्या गृह्यसूत्रात वधूपरीक्षेची एक युक्ती सांगितली आहे. बाह्य लक्षणांवरून मनुष्य ओळखणे कठीण, यास्तव आठ ठिकाणच्या मातीचे गोळे करून कन्येपुढे ठेवावेत व तिने एक उचलावा. दुबार पिकणाऱ्या शेताची माती निघाली तर घरी अन्नसमृद्धी, गोठ्याची निघाली तर पशुधन, स्मशानाची निघाली तर पतीस घात. परीक्षा अन्यायाची खरी. परंतु तीत कन्येचा हात तरी हलत असे! आमच्या काळी तिने केवळ बशी पुढे करावयाची.

इ. स. १९८४ साली आमच्या धाकट्या भगिनीस पाहण्यास वसमतहून मंडळी कुरुंद्यास आली. एस.टी. खोळंबल्यामुळे सुशीला दोनदा करावा लागला. गोत्र, प्रवर, मामेकुळी विचारून झाली. मग वरमातेने मुलीस चालून दाखविण्यास सांगितले. वडील जमिनीकडे पाहू लागले. आम्ही, संस्कृत शिकविणारे, नारीच्या पूजेचे श्लोक मुलांकडून घोकून घेणारे, भिंतीवरील दिनदर्शिका वाचीत बसलो. ती चालली.

आठवे दिवशी पोस्टकार्ड आले : 'पत्रिका जुळत नाही. क्षमस्व.'

भगिनीस पंचांग आम्हीच शिकविले होते. तिने दाते पंचांग काढले, बोटांवर हिशेब केला व म्हणाली, "दादा, छत्तीसांत सव्वीस गुण येतात. नाडीही भिन्न आहे." खरे कारण मध्यस्थाकडून मागाहून कळले, १९६१ च्या कायद्याने जे मागता येत नव्हते, ते आम्ही आपण होऊन बोललो नव्हतो. पुढील मंडळींपुढे ती चालली नाही. "पाय धड आहेत, विचारा हवे तर," एवढेच बोलली. वडील संतापले, आम्ही तेव्हाही गप्पच. पुढील वर्षी तिचे लग्न झाले, व सुखाचे झाले, हा तिचा योग. आमचे कर्तृत्व नव्हे.

चार वर्षांपूर्वी आमच्या चिरंजीवांसाठी एक स्थळ पाहिले. मुलगी सुशिक्षित, घराणे सालस; चिरंजीवांचे मन मात्र बसले नाही. कळवावयाचे काम आमच्याकडे आले. मोबाईलवर बोटे आपोआप चालली : 'पत्रिका जुळत नाही.' भगिनी माहेरपणास आलेली, शेजारीच शेंगा सोलीत होती. चष्म्यावरून पाहून तिने विचारले, "दादा, गुण किती होते?"

"एकतीस," आम्ही म्हणालो.

तिने पुन्हा शेंगांत लक्ष घातले. आम्ही मजकूर पुसला. त्याऐवजी काय लिहावे, ते रात्रीची जेवणे होईतो सुचले नाही. अखेर चिरंजीवांसच फोन करावयास लावला, आणि तो बोलत असता आम्ही ओसरीवर जाऊन उभे राहिलो.