संथ पाणी

चि. बाळ यास,


पत्र दोनदा वाचलं. सुरुवातीला विचारतोस, ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्न फुटबॉल क्लबच्या सर्वोत्तम खेळाडूचं पदक ज्याच्या नावाने देतात, तो ट्रस्कॉट कोण? आणि शेवटी जाता जाता लिहितोस, ‘परवा समुद्रावरून अगदी खालून विमान नेलं, मजा आली.’ त्या ओळीने चहा गार झाला माझा.

कीथ ट्रस्कॉट, जन्म १९१६. केस तांबडे म्हणून ‘ब्लूई’. तांबड्या केसांच्या माणसाला तिकडे हेच नाव पडतं, तुला ठाऊक असेलच. तिथल्या त्या अठरा-अठरा जणांच्या फुटबॉलचे तो मेलबर्नकडून ५० सामने खेळला. १९३९ आणि १९४० या दोन्ही वर्षी विजेत्या संघात होता. १९४०मध्येच हवाई दलात शिरला आणि तिथे अडला. मैदानावर नजर पक्की असलेला हा गडी विमान उतरवताना उंचीत फसायचा. जमीन वीसेक फूट खाली असतानाच ती आली असं समजून विमान सपाट करायचा.

पुढे दुसऱ्या महायुद्धात इंग्लंडमध्ये स्पिटफायर विमानावर त्याने नाव काढलं. शत्रूची डझनाहून जास्त विमानं पाडली, डीएफसी हे शौर्यपदक दोनदा मिळालं. १९४२मध्ये मायदेशी आला, रजेत मेलबर्नकडून एक सामनाही खेळला. मग न्यू गिनीतली मिल्न बेची लढाई.

माझं म्हणणं तुला पाठ आहे, तरी पुन्हा ऐक. शिकताना दिसलेली खोट कौतुकाखाली दबते, जात नाही.

२८ मार्च १९४३. पश्चिम ऑस्ट्रेलियातलं एक्समथ आखात. एका कॅटलिना विमानाला सोबत करताना ब्लूईने सराव म्हणून त्याच्यावर लटका हल्ला चढवला. खाली समुद्र आरशासारखा. लाट नाही, फेस नाही; डोळ्याने उंची मोजायची कशावरून? त्याचं किटीहॉक विमान सरळ पाण्यात घुसलं. वय २६. शत्रू आसपास नव्हता.

वाड्यामागची विहीर आठवते? ‘पाणी हे काय, इथंच आहे’ म्हणालास आणि उडी टाकलीस. तुझा कोपर कसा फुटला, हे तुझ्या आईला मी अजून सांगितलेलं नाही.

ब्लूईची कबर तू विमान शिकतोस त्या पर्थमध्येच आहे. एखाद्या रविवारी जाऊन ये. आणि शिक्षकांनी ठरवून दिलेल्या उंचीच्या खाली उतरणार नाहीस, एवढं उलट टपाली कळव. मी वाट बघते आहे.

तुझी,
आत्या