साहेबांच्या हिरवळीवरचे जांभळे झाड

लंडनला गेलेला आपला माणूस किंग हेन्रीज रोडवरच्या १० क्रमांकाच्या घरापुढे माथा टेकवल्याशिवाय परतत नाही. १९२१-२२ साली बाबासाहेब तेथे राहिले. महाराष्ट्र शासनाने २०१५ साली ते घर घेतले आणि तेथे स्मारक झाले. बहुतेक मंडळी घर पाहतात, फोटो काढतात आणि निघतात. माझे सांगणे असे की, मे-जूनमध्ये गेलात तर लंडनच्या मोठ्या बागांतूनही एक फेरी मारा. सगळीकडे हिरवेगार असताना मध्येच एखादे झाड काळपट जांभळे दिसेल. दुरून वाटते, झाड जळाले की काय! जवळ जावे तर पाने जिवंत, तुकतुकीत आणि पलीकडून ऊन आले की जांभळाच्या रसासारखी लाल. हाच कॉपर बीच. येथे बीच म्हणजे समुद्रकिनारा नव्हे, युरोपच्या जंगलातला एक मोठा वृक्ष. त्याच्या साध्या जातीची पाने हिरवीच असतात.

खोड राखाडी, गुळगुळीत, हत्तीच्या पायासारखे. त्यावर चाकूने नावे कोरण्याची खोड तिकडच्या पोरांनाही आहे! सावली इतकी दाट की खाली गवतही धड उगवत नाही. एकेकाळी हे झाड म्हणजे सरदार-जमीनदारांच्या हिरवळीची शोभा. खड्डा खणणार माळी, पाणी घालणार माळी. पण झाड भरात यायला ऐंशी-शंभर वर्षे लागतात, म्हणजे लावणाऱ्याच्या वाट्याला त्याची पुरी सावली कधी आलीच नसणार. आज त्यातल्या कितीतरी बागा सार्वजनिक आहेत. बसचा ड्रायव्हर, झाडूवाली बाई, कोणीही दुपारी त्या झाडाखाली बसून डबा खातो आणि कोणी त्याची जात विचारत नाही. आमच्या आज्या-पणज्यांना गावच्या पारावर टेकू दिले जात नव्हते, हे आठवले म्हणजे त्या बाकावर दहा मिनिटे जास्तच बसावेसे वाटते.

हा रंग आला कोठून? जर्मन लोक या झाडाला ‘ब्लुटबुखे’ म्हणतात, म्हणजे रक्ताचा बीच. स्वित्झर्लंडमध्ये झुरिक प्रांतात बुख आम इर्खेल नावाचे खेडे आहे. तेथल्या रानातल्या लाल पानांच्या बीचची नोंद १६८० सालच्या एका ग्रंथात सापडते. गावकथा अशी की, पाच भाऊ तेथे एकमेकांना मारून मेले आणि त्यांच्या रक्तातून ही झाडे उगवली. म्हणजे भाकडकथा फक्त आपल्याकडेच पिकतात असे नव्हे! खरे कारण साधे आहे. बीजातल्या एका बदलामुळे पानात अँथोसायनिन हे द्रव्य जास्त तयार होते. जांभळाच्या सालीला रंग देणारे तेच. हिरवे द्रव्य पानात असतेच, फक्त ते या रंगाखाली झाकले जाते. म्हणून आतल्या, ऊन न लागणाऱ्या फांद्यांची पाने हिरवट राहतात. आपल्या पिंपळाची कोवळी पालवी तांबूस असते त्यामागेही अशीच रंगद्रव्ये आहेत. पिंपळाचा रंग पान जून होताच जातो, या बीचचा बराच काळ टिकतो.

जर्मनीतल्या थुरिंगिया प्रांतात झोंडर्सहाउझेनजवळच्या रानातही असे एक झाड अठराव्या शतकात सापडले. बागांतले बहुतेक जांभळे बीच त्याच्याच वंशातले मानले जातात. याच प्रांतात वायमारजवळ नाझींनी १९३७ साली एक छळछावणी उघडली. तिचे नाव बुखेनवाल्ड, म्हणजे बीचचे रान. १९४५ पर्यंत तेथे सुमारे ५६ हजार माणसे मेली. झाडाच्या रक्ताची कथा खोटी होती. रक्ताच्या शुद्धतेचे वेड मात्र खरे निघाले.

तिकडे स्थायिक झालेली आपली मुले आता घरे घेत आहेत. घरामागे हातभर बाग असते आणि जांभळा बीच रोपवाटिकेत कुंडीत फार गोंडस दिसतो. पण तोच पुढे ८०-१०० फूट उंच जातो आणि पसरतो पन्नास फुटांवर. भिंतीला भिंत लागलेल्या घरात तो शेजाऱ्याशी भांडणच लावील. जागा कमी असेल तर ‘डॉइक पर्पल’ ही सडपातळ, सरळ वाढणारी जात आहे. फांद्या खाली सोडणारी बुटकी ‘पर्प्युरिया पेंड्युला’ आहे. बियांपासून केलेल्या रोपांत काही जांभळी निघतात, काही हिरवी, काही मधलीच. माळी हिरवी उपटून टाकतात. कुंपणासाठी ती कमी-जास्त छटांची रोपे स्वस्तात चालतात. एकसारखा गडद रंग हवा असेल तर ‘रिव्हर्साय’चे कलम घ्यावे, त्याला पैसे जास्त पडतात. निवड पाने असताना डोळ्यांनी करावी, नुसत्या चिठ्ठीवर जाऊ नये. मुळे उथळ असतात, त्यामुळे पाणी साचलेली किंवा तुडवून घट्ट झालेली जमीन त्याला मानवत नाही. कोरडाही सोसत नाही, आणि १९ जुलै २०२२ रोजी इंग्लंडमध्ये पारा ४० अंशांच्या वर गेला होता. पुढची शंभर वर्षे उभे राहायचे झाड निवडताना याचा विचार करावाच लागतो.

माझे मत विचाराल तर, मोठा जांभळा बीच घरी लावूच नये. मैदान, शाळा, विहाराचे मोकळे आवार, जेथे कोणीही येऊन बसेल, तेथे लावावा, आणि तोही एकच. दहा लावले तर जागा अंधारी होते. सम्राट अशोकाने रस्त्याकडेला वड लावले ते माणसांना आणि जनावरांना सावली मिळावी म्हणून, असे त्याने स्वतःच स्तंभावर कोरून ठेवले आहे. शोभेचा उल्लेख त्यात नाही.

आणि कृपा करून तिकडच्या नातेवाइकांकडे बी मागू नका. परवानगीशिवाय रोप-बियाणे देशात आणता येत नाही, आणि आणलेच तरी या झाडाला कडक थंडी लागते. नागपूर-औरंगाबादचा एक उन्हाळाही ते काढणार नाही. तांबूस पानांचीच हौस असेल तर विहाराच्या भिंतीपासून चांगला लांब एक पिंपळ लावा. फाल्गुन-चैत्रात पालवी फुटली की सकाळच्या उन्हात पोराबाळांना दाखवायला न्या. आठ-दहा दिवसांचाच तो रंग असतो.