ओसरत्या हर्षाचे संकलन

जल्लोषातील चेहरा पडद्यावर किती वेळ ठेवावा, या एकाच प्रश्नाशी संकलक म्हणून मी आयुष्यभर झगडत आलो. आणि त्याविषयीचा माझा जुना आग्रह परवा एका शिष्येने पुन्हा ऐरणीवर आणला.

सरावासाठी मी तिला ‘ब्रीफ सिटी’ हा ‘फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन’ या महोत्सवावरील १९५२ सालचा लघु अनुबोधपट दिला होता. महायुद्ध संपून सहा वर्षे लोटली तरी शिधापत्रिकेवाचून ज्यांना मांस मिळत नव्हते, ते लंडनवासी १९५१ च्या या महोत्सवात, थेम्सच्या दक्षिण तीरावर, सुमारे तीनशे फूट उंचीच्या अधांतरी भासणाऱ्या ‘स्कायलॉन’ या मनोऱ्याच्या परिसरात, अंगावरचे ओव्हरकोट न उतरविता रात्री उघड्यावर जोडीजोडीने नाचत, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात सत्तापालट झाल्यावर नव्या अंमलात त्या महोत्सव-नगरीतील बहुतेक इमारती जमीनदोस्त करण्यात आल्या.

असे नृत्य तालावर तोडले की त्याची जाहिरात होते. ताल थांबल्यावरही शॉट चालू ठेवला तर हसू ओसरते, घरची विवंचना मुद्रेवर परतते, आणि प्रेक्षकाला सारा उत्सवच खोटा वाटू लागतो. मधली जागा पाच-सहा फ्रेमांची, म्हणजे जेमतेम पाव सेकंदाची, आणि तीही चेहऱ्यागणिक निराळी! मी सदैव ओसरतीकडे झुकलो. कारण युद्धाने पोळलेल्या माणसाचा आनंद त्याच्या विवंचनेपासून तोडून दाखविणे हा मी त्याच्यावरील अन्याय मानतो. बँडच्या ठेक्यावर तुकडे जोडण्याचा जो रिवाज वृत्तपटवाल्यांनी पाडला, त्याने विजयदिन आणि निवडणुकीची मिरवणूक यांत भेदच उरू दिला नाही. आजच्या मंडळींना तर चेहरा ओसरेपर्यंत थांबण्याचीही सवड नसते.

शिष्या म्हणाली, “सर, चेहरा नकोच, हात बघा.” जोडीदाराच्या पाठीवरचा हात वाद्ये थांबल्यावरही क्षणभर तेथेच राहतो, तो सुटू लागताच तिने कट घेतला होता. त्या कटात आनंद होता, विवंचना होती, आणि माझी ओळख कोठेच नव्हती. ओसरता चेहरा दिसला की समव्यवसायी माझे नाव घेत, आणि ही कीर्ती मला एखाद्या सनदेसारखी प्रिय होती. म्हणूनच “उत्तम” एवढा एक शब्द उच्चारण्यास मला फार वेळ लागला.

परंतु लालबागच्या विसर्जनात दोन्ही हात उंचावून जो एकटाच नाचतो, त्याचा हात कोणाच्याच पाठीवर नसतो. तेथे कट कोठे घ्यावा, यावर आमचा वाद अद्याप चालू आहे.